वरच्या देशाचं उद्घाटन

थांबा, हातातलं काम जरा बाजूला ठेवा, हे आत्ताच्या आत्ता सांगितलंच पाहिजे. मी कोल्हापूरहून गडहिंग्लजच्या एसटीत बसलोय, खिडकी मिळालीय, बोटांना अजून प्लॅस्टरची पांढरी पूड चिकटलीय, आणि घर यायच्या आत हे लिहून टाकलं नाही तर माझं डोकं फुटेल. (मी मुलगीच आहे. आमच्याकडं पोरीसुद्धा 'मी आलो, मी गेलो'च म्हणतात, तेव्हा अडखळू नका, वाचत राहा.) तर सांगायचं असं, की माझा मामा हा अख्ख्या पृथ्वीवरचा एकमेव असा माणूस आहे ज्याच्याकडं स्वतःचा देश होता. होता म्हणतोय, कारण आज सकाळी तो फुटला. खरोखर फुटला, घणानं. आणि ज्या बाईसाठी तो देश बांधला होता, म्हणजे माझी मामी, तिनं तो एकदाही बघितलेला नव्हता. एकाच घरात राहून! खाली मामी, वर गच्चीवर देश, मधे फक्त एक लोखंडी जिना.

नीट पहिल्यापासून सांगतो. मामा पीओपीची छतं करतो. तुमच्या हॉलमध्ये वर बघितल्यावर ती पांढरी नक्षी, कडेची पट्टी, पंख्याभोवतीचं फूल दिसतं ना, ते करणारा माणूस. जन्म सगळा मान वर करून काम केल्यामुळं तो रस्त्यानं चालतानाही जरा आभाळाकडंच बघत चालतो, त्यामुळं मंगळवार पेठेत त्याच्या गल्लीतला असा एक खड्डा नाही ज्यात मामाचा पाय गेलेला नाही. लग्नाआधी तो मंडळाच्या गणपतीचे देखावे करायचा. गोणपाट प्लॅस्टरमध्ये बुडवून त्यानं केलेले डोंगर बघायला म्हणे लोकांच्या रांगा लागायच्या. 'म्हणे' लिहितोय कारण हे सांगणारा मामाच. पण देखाव्याचा एक नियम त्याच्या हाडात भिनला होता तो मात्र खरा. देखावा तयार होईपर्यंत पडदा. आणि उद्घाटनाला जो पाहुणा येणार, त्याला तर पडद्याची फटसुद्धा दिसता कामा नये. मामा म्हणायचा, "पावण्यानं आधीच बघितलं तर मग फीत कशाला कापायची? नुसता चहा प्यायचा आन् घरला जायाचं." हा नियम लक्षात ठेवा. पुढं सगळं याच्यावरच अडलं.

मामी आजऱ्याची. लग्न होऊन कोल्हापुरात आली तेव्हा दिवाळीच्या तोंडावर तिला माहेरची फार आठवण यायला लागली, आणि सहज बोलून गेली, "तुमच्यात किल्ला करत न्हाईत व्हय?" झालं. मामा म्हणाला, "करूया की," आणि जिना चढून वर गेला. मामीच्या म्हणण्याप्रमाणं तो अजून खाली आलेलाच नाही. आता दुसरा कोणी असता तर दगड-विटा रचून, वर चिखल थापून, हळीव पेरून, मातीचे मावळे मांडून मोकळा झाला असता. मामानं विचार केला. किल्ला करायचा तर आधी डोंगर पाहिजे. डोंगर पाहिजे तर त्याच्या आधी जमीन वर यायला पाहिजे. जमीन वर यायला आतली आग बाहेर यायला पाहिजे. असा तो एकेक पायरी मागं मागं जात राहिला, आणि शेवटी अशा ठिकाणी पोचला जिथं माणूस नाही, गवत नाही, किडामुंगी नाही, नुसती तापलेली जमीन आणि वर आभाळ. तिथं मात्र त्याला इतकं बरं वाटलं की त्यानं तिथंच वेळ थांबवला. किल्ला राहिला तो राहिलाच.

हा देश मी लहानपणापासून बघत आलोय, तरी वर गेलं की दर वेळी माझं तोंड उघडंच राहायचं. गच्चीभर पसरलेला होता. या टोकाला ज्वालामुखी, आत्ता या क्षणाला फुटलेला, आणि त्याच्या तोंडातून उडालेले दगड तारांवर तसेच हवेत लटकलेले, खाली पडायचं विसरलेले. काथ्या पिंजून केलेला धूर. दोन मोठे डोंगर एकमेकांच्या अंगावर चालून आलेले, मधे जेमतेम हात जाईल एवढी फट. मी एकदा विचारलं, "मामा, हे भांडालेत का?" तर म्हणाला, "अजून न्हाय. नुसतं बघालेत एकमेकाकडं. भिडायला लई टाइम हाय." एक काळंभोर पठार, ज्याला मधोमध उन्हानं आपोआप चीर गेली. मी घाबरून खाली सांगायला पळालो, तर मामा शांतपणे म्हणाला, "आसू दे. भूकंप राहिलाच हुता." कपडे वाळत घालायच्या तारेवर पाण्याच्या टाकीचं झाकण टांगून त्यानं चंद्र केला होता, परातीपेक्षा मोठा. "एवढा मोठा कसा?" तर, "त्या टायमाला जवळ हुता." आणि पार कोपऱ्यात, जिन्याच्या तोंडाशी, एक लाल टेकडी. जांभ्या दगडाच्या रंगाची, वर सपाट, आणि तिच्या अंगावर एक गुळगुळीत खाच, कोरड्या नदीसारखी. मी अकरावीत भूगोल घेतल्यावर शहाणपणा करायला गेलो, "मामा, जांभा नंतर होतो, आधी सगळं थंड झाल्यावर. ज्वालामुखी फुटताना जांभा कुठनं आला?" मामानं माझ्याकडं जराशा दयेनं बघितलं. "तुमच्या पृथ्वीवर तसं होत आसंल. ह्यो माझा देश हाय."

देशाला नाव नव्हतं. घरात नुसतं 'देश' म्हणायचे. "मामा कुठाय?" "देशात." गिऱ्हाइकांचे फोन आले की मामी बिनधास्त सांगायची, "ते देशात गेल्यात." एकानं विचारलं, कुठल्या देशात? मामी आमटीला फोडणी देता देता म्हणाली, "वरच्या." पलीकडचा माणूस हळूच म्हणाला, "अरेरे. कधी झालं हो?" मामीनं चिमटा खाली ठेवला आणि फोनमधेच त्याला असा फाडला की त्यानं घाबरून तीन खोल्यांच्या छताचं काम मामालाच दिलं.

आता ज्याच्या गच्चीवर वेळच चालत नाही, त्या माणसाचं खाली जमिनीवर काय होत असेल याचा विचार करा. मामाला घाई ही गोष्टच कळायची नाही. जेवायला हाक मारली की वरून आवाज यायचा, "आलोच, हजारभर वर्षं थांब." माझ्या मावसबहिणीच्या लग्नात तो पोचला तेव्हा मांडववाले खुर्च्या एकात एक घालत होते. माझी आई त्याची मोठी बहीण, तो तिला अक्का म्हणतो. ती कडाडली, "अरे, अक्षता संपल्या, जेवणं संपली, पोरगी सासरला पोचली!" मामानं शांतपणे उरलेली जिलेबी उचलली आणि म्हणाला, "मग काय झालं अक्का, डोंगराला कुठं मुहूर्त आसतोय?" स्कूटर घेऊन सिग्नलला थांबला की हिरवा दिवा लागून परत लाल व्हायचा, मामा मधल्या दगडी कट्ट्याचा पोत बघत बसलेला. मागून लोक बोंब मारायचे, "ओ पावणं, झोपलासा काय! चला की!" मामा मागं वळून म्हणायचा, "चाललोय की. सगळी जमीनच चाललीया. वर्षाला नखाएवढी." मागचा माणूस यावर काय बोलणार? तोही नखं बघत बसायचा. मला गडहिंग्लजची एसटी मामानं आजपर्यंत एकदाही वेळेत गाठून दिली नाही. गेलेल्या एसटीचा धूर बघत तो मला म्हणायचा, "दुसरी येती. येत आसतंय सगळं."

दगडांची तर गोष्टच वेगळी. मामाबरोबर कुठंही जा, येताना पिशवी जड. पण एका दगडाचं मामी त्याला जन्मभर ऐकवत आली. पहिल्या दिवाळसणाला दोघं आजऱ्याला गेलते. निघताना मामीच्या वडलांनी जावयाला पोतंभर घनसाळ तांदूळ दिला, तो वासाचा, एकाच्या घरी शिजला तर गल्ली जेवायला बसेल असा. मामीनं कोल्हापुरात येऊन मोठ्या हौसेनं पोतं उघडलं. हात घातला तर वर चार बोटं तांदूळ आणि खाली हा एवढा लाल दगड. उरलेला तांदूळ जावईबापूंनी गुपचूप सासूबाईंच्या कणगीत परत ओतून ठेवला होता. मामी जी चिडली! "माहेरचं अन्न ठेवून दगड आणलासा? आन् आता शिजवू ह्याला?" मामा म्हणाला, "तुझ्या माहेरचाच हाय की," आणि दगड घेऊन वर पळाला. तेव्हापासून भात जरा चिकट झाला, खाली लागला, कमी पडला, की मामी सुरू व्हायची, "तांदूळ ठेवून दगड आणणाऱ्या माणसाशी संसार केला मी! आन् तो दगड तरी कुठं घातलासा, ते एकदा कळू दे मला." मामा ताटाकडं बघत हसायचा. सांगायचा मात्र नाही.

सांगणार कसा? मामी उद्घाटनाची पाहुणी होती ना! देश तिच्यासाठीच होता, फीत तीच कापणार होती, म्हणून तिला आधी बघायला बंदी. दूधवाल्यानं बघितला, केबलवाल्यानं बघितला, माझी आई तर तिथं बसून पापडसुद्धा राखून आली. फक्त मामी नाही. आणि गंमत म्हणजे मामीनंही तो नियम पाळला. कपडे ती खाली दारात वाळत घालायची. जेवायला बोलवायला जिन्याच्या चार पायऱ्या चढायची, तिथं थांबून तोंड भिंतीकडं फिरवून हाक मारायची, "अवो, चला की! वरचं राज्य काय पळून जात न्हाय!" मी तिला एकदा म्हटलं, "मामी, तो कामावर गेलाय, चल, पटकन बघून येऊ." तर माझ्याकडं अशी बघितली की मीच जिन्यावरून खाली उतरलो. "फीत कापायच्या आधी पावण्यानं बघायचं नसतंय," म्हणाली. वर परत, "लाल लुगडं काढून ठेवलंय मी त्यासाठी. बघू आता, कवा मुहूर्त लागतोय."

मुहूर्त का लागत नव्हता? समुद्रामुळं. सगळा देश झाला होता, समुद्र राहिला होता. मामाला एक लाट पाहिजे होती, किनाऱ्यावर फुटायच्या बरोब्बर आधीची, उठलेली, टोक वळलेली, थांबलेली. आणि प्लॅस्टर काय ऐकत नव्हतं. टोक वळवलं की गळून पडायचं. जाळी घातली तर लाट न दिसता कोंबड्याचा तुरा दिसायचा. रत्नागिरीला जाऊन तो दिवसभर किनाऱ्यावर लाटा बघत बसला. येऊन म्हणाला, "थांबतच न्हाईत गं त्या." मामी म्हणाली, "मग तुम्ही तरी कशाला थांबलाईसा? तेवढा कोपरा सोडून दाखवा की." "पुरं झाल्याबिगर कसं दाखवायचं?" दर गणपतीला म्हणायचा दिवाळीला करू, दिवाळीला म्हणायचा पाडव्याला. फीत आणून ठेवली होती, लाल, रुंद. स्टीलच्या ताटात कात्री होती, तिला गंज चढू नये म्हणून तो अधूनमधून तेल लावायचा.

आणि मी त्या देशात एक घुसखोरी केली होती, तीही सांगून टाकतो, कारण तिचा संबंध शेवटाशी आहे. बालवाडीत असेन तेव्हा. कुंभार गल्लीत आईनं मला मातीची एक गवळण घेऊन दिली होती, डोक्यावर घागर, हिरवं लुगडं, नाक जरा चेपलेलं. मी ती गुपचूप नेऊन लाल टेकडीवर ठेवली. दुसरा मामा असता तर ओरडला असता. त्यानं तिला दोन बोटांत अलगद उचललं, फुंकर मारून पाय झाडले आणि मला म्हणाला, "हिला म्हणावं, लवकर आलीस बाई. जमीन अजून तापलीया, पाय भाजतील." आणि शर्टाच्या खिशात घातली. मग दर दिवाळीला मी विचारायचो, "मामा, निवली का जमीन?" "न्हाय अजून." पुढं मी मोठी झालो आणि विचारायचं सोडलं.

आम्ही सगळे मामाच्या देशाला हसत बसलो आणि खाली मात्र वेळ आपला चालतच होता. मामीचे गुडघे गेले. आधी ती चौथ्या पायरीवरून हाक मारायची, मग दुसऱ्या, मग पहिली पायरी धरून उभी राहून, मग स्वयंपाकघरातूनच पातेल्यावर पळी वाजवायला लागली. मामाच्या हे लक्षात कसं आलं नाही, विचारू नका. नखाएवढं नखाएवढं सरकत गेलं ते. कुणाला दिसतं?

मग स्लॅब गळायला लागला. लोकांची छतं सजवणाऱ्या माणसाच्या स्वतःच्या स्वयंपाकघरात मामी डबे मांडून बसलेली! मामानं देशाला वरून चांगलं रसायन लावून तो पक्का केला होता, थेंबभर पाणी आत जात नव्हतं. पण देशाच्या खालच्या गच्चीचा त्यानं विचारच केला नव्हता. पाणी देशावरून वाहायचं, कडेनं खाली शिरायचं आणि जिरत बसायचं. मामी म्हणायची, "तुमच्या नद्या माझ्या आमटीत याल्यात." हसण्यावारी चाललं होतं. पण गेल्या आठवड्यात रविवारी मामी तांबडा रस्सा ढवळत होती, मसाल्याचा डबा घ्यायला वळली, आणि ती उभी होती तिथंच वरून स्लॅबचं ढेकूळ सळईसकट येऊन आदळलं. पातेलं चेपलं. रस्सा भिंतीवर गेला. मामी नुसती भिंतीला टेकून उभी राहिली. मामा वरून पळत आला. मामी शपथेवर सांगते, पळत. मी त्याला पळताना कधी बघितलं नव्हतं. त्यानं पातेल्याकडं बघितलं, मामीच्या डोक्याकडं बघितलं, वरच्या भोकाकडं बघितलं. मामी म्हणाली, "लागलं न्हाय मला. बसा." तो बसला नाही. मिस्त्रीला फोन लावला. मिस्त्री येऊन बघून म्हणाला, वरचं वजन पहिलं उतरवा, मग स्लॅबचं बोलू. मामानं देश बांधताना तडकू नये म्हणून सगळीकडं एकसलग जाळी घातली होती, एक डोंगर दुसऱ्यापासून सुटणार नव्हता. सुटा करून ठेवता येणार नव्हता. फोडायचाच. मामा म्हणाला, "फोडा."

हे कळल्यावर मी काल कोल्हापुरात आलो. मला एकच लागून राहिलं होतं. फुटायच्या आधी मामीनं तो देश बघितला पाहिजे. गल्लीतल्या तालमीतले चौघे पैलवान बोलावले. प्लॅस्टिकच्या खुर्चीत मामीला बसवलं, लाल लुगडं नेसून बसली बिचारी. एक, दोन, उचल! तिसऱ्या पायरीला जिना करकरला, खुर्ची तिरकी झाली, मामीनं एका पैलवानाचा कान धरला. "खाली ठेवा रं मला! मी काय पालखी हाय व्हय?" पैलवान म्हणाला, "मामी, कान सोडा, मग ठेवतो." "आधी ठेव, मग सोडतो." मामी खाली आली ती आलीच. परत बसायला तयार होईना. "तुमच्यातला एक जरी घसरला तर त्याच्या आईला काय तोंड दाखवू मी? उद्घाटन नको आन् काय नको." मग मी मोबाईल काढला. "मामी, मी वर जाऊन व्हिडिओ काढतो, सगळं दाखवतो तुला." मामीनं मोबाईल हातानं बाजूला केला. "नको बाळ. एवढी वर्षं नेम पाळला, आता चोरून कशाला बघू?" मामा जिन्याच्या वरच्या टोकाला उभा होता. त्यानं हे सगळं ऐकलं. त्याच्या हातात ते ताट होतं, कात्रीचं.

आज सकाळी पहिला घण मामानंच घातला. बाकी कुणाला घालू दिला नाही. ज्वालामुखी गेला, तारांवरचे दगड इतकी वर्षं लटकून शेवटी एकदाचे खाली पडले. ते दोन डोंगर न भिडताच गेले. समुद्राची अर्धी लाट फुटली तेव्हा मामा जरा थांबला आणि बोलला, "आत्ता कुठं खऱ्यासारखी फुटली." मिस्त्रीची माणसं हसली. मी हसलो नाही. चहा उकळून व्हायच्या आत देश संपला. मामा ढिगाऱ्याकडं बघत म्हणाला, "एवढ्यात झालं?" ज्या माणसाच्या तोंडी हजार वर्षांच्या खालची गोष्ट नव्हती, त्यानं असं विचारलं.

पण लाल टेकडी त्यानं फोडू दिली नव्हती. मशीननं भोवतीची जाळी हळूहळू कापली, टेकडी सुटी केली, दोर बांधला आणि गच्चीच्या कडेवरून पैलवानांना खाली सोडायला लावली. खाली दारात मामी खुर्चीवर बसलेली. मीही खाली येऊन तिच्या शेजारी. वरून ती टेकडी दोरावर हलत, फिरत, आभाळातनं उतरावी तशी उतरली आणि मामीच्या पायापुढं टेकली. मामा मागून जिन्यानं खाली आला. नखशिखांत पांढरा. त्यानं शर्टालाच हात पुसले, टेकडीच्या पुढं फीत धरली, एक टोक माझ्या हातात दिलं, ताट पुढं केलं आणि मामीला म्हणाला, "या पावणं."

मामीनं कात्री घेतली. फीत कापली. चौघा पैलवानांनी टाळ्या वाजवल्या, बाकी कोण नव्हतंच. मग मामी वाकली, टेकडीवरून हात फिरवला, आणि त्या कोरड्या नदीपाशी तिचा हात थांबला. बोट त्या खाचेतून हळूच पुढं गेलं, मागं आलं.

"ही बाबांची खाच हाय," ती म्हणाली. "विळ्याला धार लावायचं ते. परड्यातल्या दगडावर. ह्यो आमचा दगड न्हवं?"

"व्हय. त्याचाच कोपरा."

"पोत्यातला?"

"व्हय. दिवाळसणाला निघताना तुझा पाय निघंना झालता त्याच्यावरनं. म्हटलं, सगळा काय उचलत न्हाय, कोपरा तरी नेऊया. आन् भोवतीनं तुमच्या गावामागचा सडा, त्यो कातळाचा माळ, केला."

"कधी केलासा हा?"

मामा जरा घुटमळला. "सगळ्यात आधी. हाच पहिल्यांदा झालता."

मामी त्याच्याकडं बघतच राहिली. मला वाटलं आता चिडणार, तांदूळ काढणार. पण ती अगदी हळू बोलली. "मग तवाच दाखवायचा की ओ. चार पायऱ्यांवर तर हुता. मी तिथं येऊन भिंतीकडं तोंड करून उभी राहायचो."

"पुरं व्हायचं हुतं सगळं."

"मला कुठं पुरं पाहिजे हुतं?"

लाखो वर्षांचा हिशेब तोंडावर असणारा माणूस, पायातल्या चपलेकडं बघत उभा राहिला. पैलवान गपचूप दोर गुंडाळायला लागले. मग मामा आत गेला आणि एक बिस्किटाचा डबा घेऊन आला. त्यात कापूस होता आणि कापसात माझी गवळण, चेपलेल्या नाकाची, घागर अजून डोक्यावर. ती त्यानं मामीच्या तळहातावर ठेवली. मामीनं तिला उलटीसुलटी बघितली, पदरानं पुसली, आणि खाचेच्या कडेला, त्या कोरड्या नदीच्या काठावर उभी केली.

"अजून गाव वसायचंय तिथं," मामा पुटपुटला.

"मी आलो न्हवं," मामी म्हणाली. "वसलं."

दुपारी मामानं मला स्कूटरवरून एसटी स्टँडला सोडलं. सिग्नल हिरवा व्हायच्या आधीच त्याची गाडी गुरगुरत होती. मी म्हटलं, "मामा, हळू की, एसटीला अजून लई वेळ आहे." तो म्हणाला, "आसू दे. मामी एकटी बसलीया दारात." आयुष्यात पहिल्यांदा एसटी लागायच्या आधी मी स्टँडवर होतो. तो वळून जायला लागला तेव्हा मला राहवेना. म्हटलं, "मामा, स्लॅब झाला की परत कर की. छोटासा, सुटासुटा. मी येतो मदतीला." मामानं हेल्मेटमधून माझ्याकडं बघितलं आणि म्हणाला, "आता तेवढा टाइम कुठाय, बाळ?"

हे वाक्य मामाच्या तोंडून मी कधी ऐकलं नव्हतं. तेव्हापासून ते कानातच बसलंय. कागल गेलं, निपाणी गेली, बाहेर उसाच्या पलीकडं डोंगर दिसतायत आणि मला वाटतंय सगळे जरा जरा सरकतायत. बोटांवरची पूड अजून पुसावीशी वाटेना.

तुमच्या घरात आहे का हो असं कोणी, जे तुमच्यासाठीच काहीतरी करत बसलंय आणि पुरं झाल्याशिवाय दाखवत नाही? की तुम्हीच कुणासाठी काही झाकून ठेवलंय, एक लाट राहिलीय म्हणून? झालंय का असं तुमच्याकडं? सांगा मला. खरंच सांगा.